चुका काढता काढता

आमच्या आणि कुंदाताईंच्या अंगणामधली भिंत छातीइतकी उंच आहे. त्यांच्या बाजूने कढीपत्ता वाकलाय, आमच्या बाजूने जास्वंद चढलीय, आणि मधल्या हातभर जागेतला गिलावा दोन्हीकडून कोपरं टेकून टेकून गुळगुळीत झालाय. साताऱ्यात आमच्या गल्लीतल्या बहुतेक बंगल्यांच्या इमारती झाल्या. आमचे दोन राहिले. बिल्डर येतात, भाव सांगतात, आम्ही दोघी म्हणतो, बघू. खरं कारण सांगितलं तर ते हसतील. चौथ्या मजल्यावरून अशा गप्पा मारता येतात का?

त्या दिवशी सकाळी ठकठक ऐकू आली म्हणून दुधाखालचा गॅस बंद करून मी भिंतीशी गेले. कुंदाताईंच्या पारिजातकाखाली त्यांचा तीन माणसांचा सोफा चारी पाय वर करून पडला होता. शेजारी उकिडवे बसलेले चाचा, हातात पक्कड. साताऱ्यातल्या निम्म्या दिवाणखान्यांतले सोफे ज्यांच्या हातचे आहेत, तेच हे चाचा. खालचं गोणपाट फाडून ते एकेक चूक उपटत होते. चूक म्हणजे तो बारीक, काळा, टोपीवाला खिळा. उपटली की पत्र्याच्या डब्यात टण्ण.

"काय चाललंय, चाचा?"

"चुका काढतोय," मान वर न करता चाचा म्हणाले.

"मग आमच्यातच या की," कुंदाताई म्हणाल्या. "आम्ही तरी दुसरं काय करतो?"

त्यांच्या हातात स्टीलची ताटली होती. सोफ्याच्या पोटातून निघालेला ऐवज त्यांनी भिंतीवर मांडला. दोन आठ आणे, केसाच्या पिना, भजनी मंडळाच्या वर्गणीची पावती, चष्म्याची एक काडी. आणि एक पेन. काळं, सोनेरी टोपणाचं.

"ह्यांचं," कुंदाताई हळू आवाजात म्हणाल्या. "निवृत्तीच्या दिवशी ऑफिसने दिलेलं. अकरा वर्षं झाली. आठवतंय ना?"

न आठवायला काय झालं? त्या पेनावरून धुण्याच्या मावशींचं काम सुटलं होतं. मी काही बोलले नाही. विषय बदलायला माझ्याकडे एक हमखास गोष्ट होती.

"कुंदाताई, डेट्रॉइटच्या एका सोफेवाल्याने काय केलं ठाऊक आहे?"

"आलं का तुझं अमेरिकापुराण?"

आलं. मी सहा महिने मुलाकडे मिशिगनमध्ये, नोव्हायला राहून आलेय. तिथून डेट्रॉइट गाडीने पाऊण तासावर. त्यामुळे मला डेट्रॉइटबद्दल बोलायचा हक्क आहे, असं मी धरून चालते.

"ब्रायन मल्डून नावाचा सोफे शिवणारा माणूस आहे तिथे. त्याच्या दुकानाला २००४ साली पंचवीस वर्षं झाली. आपल्याकडे असतं तर सत्यनारायण घातला असता. त्याने काय केलं, तर आपल्या जुन्या शागिर्दाबरोबर दोन गाणी रेकॉर्ड केली, त्याच्या शंभर तबकड्या काढल्या आणि गिऱ्हाइकांच्या सोफ्या-खुर्च्यांत आतून शिवून टाकल्या. गिऱ्हाइकांना पत्ता नाही! २०१४ पर्यंत शंभरातल्या फक्त दोन सापडल्याची बातमी होती."

"म्हणजे बाकीचे लोक गाण्यावर बसलेत आणि त्यांना माहीत नाही?" कुंदाताई पदर तोंडाला लावून हसल्या. चाचांची पक्कड थांबली.

"तबकडी मोडली नाही?" त्यांनी विचारलं. त्यांचा प्रश्न धंद्याचा होता.

"चाचा, शिवणारा तुमच्यासारखा असेल तर कशाला मोडेल? आणि शागिर्द कोण, ऐका. जॅक व्हाइट. आज सगळ्या जगाला माहीत असलेला गिटारवाला. आधी सोफे शिवायचा. पंधराव्या वर्षी मल्डूनच्या हाताखाली लागला. काम संपलं की दोघं सोफे बाजूला ढकलायचे आणि वाजवत बसायचे. मल्डून ड्रमवर, हा गिटारवर."

"आईबापांनी वाजवू दिलं?"

"दहा भावंडांतलं शेंडेफळ हो. दहाव्याकडे लक्ष द्यायला कुणाला वेळ असतो? सात फूट बाय सात फूट खोली, त्यात दोन ड्रमसेट, अँप्लिफायर आणि टेपरेकॉर्डर. पलंगाला जागा उरेना म्हणून त्याने पलंगच काढला आणि फोमच्या तुकड्यावर झोपायला लागला. पाद्री व्हायला निघाला होता, पण नवा अँप्लिफायर मठात नेता येईल की नाही याची शंका आली, म्हणून राहिला."

"बघा! देव हुकला तो आवाजाच्या पेटीपायी."

"मग स्वतःचं दुकान काढलं. गल्लीतला तिसरा सोफेवाला, म्हणून दुकानाचं नाव थर्ड मॅन. गाडी पिवळी, हत्यारं पिवळी, कपडे पिवळे-काळे. आपल्या मुंबईच्या टॅक्सीसारखं सगळं. बिलं मेणाच्या खडूने लिहायचा आणि सोफ्याच्या आत कविता कोंबायचा. गिऱ्हाइकांना वाटायचं, हा पोरगा आपली थट्टा करतोय."

"कविता कोंबल्यावर दुसरं काय वाटणार?" कुंदाताई म्हणाल्या. "पण तू म्हणालीस जगाला माहीत आहे. सोफ्यावरनं तिथवर गेला कसा?"

आता माझ्या गोष्टीला रंग चढायची वेळ आली होती. मी कढीपत्त्याची फांदी जरा बाजूला सारली.

"लग्नावरनं," मी म्हटलं.

कुंदाताईंनी ताटली खाली ठेवली.

"मेग नावाची मुलगी एका हॉटेलात वाढपी होती. तिथे हा कविता वाचायला जायचा. जमलं. १९९६ मध्ये लग्न झालं. मूळचा तो गिलिस. मेगचं आडनाव व्हाइट. तर लग्नानंतर यानेच बायकोचं आडनाव लावलं."

"नवऱ्याने?"

"नवऱ्याने."

कुंदाताई थोडा वेळ पारिजातकाकडे बघत राहिल्या. "मी माहेरची सुमन," त्या म्हणाल्या. "तांदळाच्या ताटात अंगठीने 'कुंदा' लिहिलं, की सुमन संपली. बरं, पुढे?"

"पुढे १९९७ चा जुलै. मेगने सहज गंमत म्हणून नवऱ्याच्या ड्रमवर हात मारला. कधी शिकली नव्हती. लहान पोर पातेली बडवतं तसं साधं, सरळ. जॅक म्हणाला, हेच! महिनाभराने, १४ ऑगस्टला, गोल्ड डॉलर नावाच्या बारमध्ये दोघांचा पहिला कार्यक्रम. बँडचं नाव द व्हाइट स्ट्राइप्स. तो गातो आणि गिटार वाजवतो, ती ड्रम वाजवते. तिसरा माणूस नाही."

"महिन्यात? आमच्या मंडळात वर्षभर टाळ धरायला देत नाहीत."

"आणि लोकांना काय सांगितलं, ऐका. म्हणे, आम्ही बहीण-भाऊ. दहा भावंडांतली शेवटची दोन!"

"शी!" कुंदाताईंचा हात कपाळावर. "लग्नाच्या बायकोला बहीण?"

चाचांनीही एक चूक वाकडी उपटली.

"बरं, मग २००० मध्ये घटस्फोट झाला. कागदपत्रं बाहेर आली. लग्नाची नोंद, घटस्फोटाची नोंद, सगळं छापून आलं. तरी हा आपला मुलाखतीत 'माझी थोरली बहीण' म्हणतोच आहे. कुणी समोर दाखला धरला तरी तेच."

"पण का गं? कारण काय?"

हाच प्रश्न मी माझ्या मुलाला विचारला होता. जॅकने पुढे एका मुलाखतीत सांगितलेलं कारण असं: नवरा-बायको म्हटलं की लोक गाणं ऐकत नाहीत, दोघांचं पटतंय का ते बघत बसतात. भाऊ-बहीण म्हटलं की तो विषयच मिटतो. राहतं ते गाणं.

कुंदाताई हसायला लागल्या. "वेडा आहे. लोकांनी बोलू नये म्हणून असं काहीतरी सांगितलं, की लोक दुसरं काही बोलेचनात! आपल्या गल्लीत विचारायचं होतं त्याने."

खरं होतं. पंचवीस वर्षांनी, सात समुद्रांपलीकडे, साताऱ्याच्या एका भिंतीवर आम्ही दोघी त्याच्या लग्नाचंच बोलत होतो. गाण्याचं नावही अजून निघालं नव्हतं.

"आणि घटस्फोटानंतर बँड मोडला?"

"तीच तर गंमत. तो मोडायला निघाला होता. गावातल्या एका कार्यक्रमाला दुसरीच माणसं घेऊन वाजवायचं त्याने ठरवलं. मेगच म्हणाली, संसार संपला म्हणून वाजवणं कशाला संपवायचं? तिने धरून ठेवलं. त्याच वर्षी दोघांचा दुसरा अल्बम आला."

"तिने," कुंदाताई पुटपुटल्या आणि मान हलवली. त्यांनी मनात कुठेतरी खूण करून ठेवलेली मला दिसली.

"माझा मुलगा सांगतो, तेव्हा ते अंडरग्राउंड होते," मी म्हटलं.

"भूमिगत?" कुंदाताईंचे वडील बेचाळीसच्या चळवळीत होते. त्यांना भूमिगत म्हटलं की क्रांतिसिंह नाना पाटील आणि पत्री सरकार आठवतं. "पोलीस मागे होते की काय?"

"पोलीस कशाला? मागे कुणीच नव्हतं! तेच तर अंडरग्राउंड. मोठी कंपनी नाही, रेडिओ नाही, जाहिरात नाही. डेट्रॉइट म्हणजे मोटारींचं गाव. कारखाने हलले आणि गाव ओस पडत गेलं. १९५० मध्ये साडेअठरा लाख वस्ती होती, २००० मध्ये दहा लाखांच्या आत आली. मोकळी घरं, स्वस्त बार आणि वाजवणारी पोरं. एकमेकांचे कार्यक्रम एकमेकांनीच ऐकायचे. अशात डेव्ह ब्यूइक नावाचा माणूस बारमध्ये भेटला. त्याची स्वतःची एवढीशी रेकॉर्ड कंपनी. म्हणाला, तुमची तबकडी काढू या. जॅक म्हणाला, नको. त्याला वाटलं, पैसे आपणच भरायचे. परवडणार कसं?"

"कवितासंग्रहासारखं."

"अगदी! आपल्याकडे पहिला संग्रह पदरमोड करूनच निघतो ना? तर त्याला उशिरा कळलं की पैसे ब्यूइकच घालणार आहे. मग १९९८ मध्ये पहिली तबकडी निघाली. हजार प्रती. दुसरी, तीही हजार. मग कॅलिफोर्नियातल्या अशाच एका लहान कंपनीने १९९९ मध्ये पहिला अल्बम काढला. दुसरा तर याच्या घरच्या बैठकीतच ध्वनिमुद्रित झाला. आणि अर्पण कुणाला, चाचा? हॉलंडच्या एका खुर्च्या करणाऱ्याला! रीटव्हेल्ट त्याचं नाव. लाल पाठ, निळी बैठक, काळ्या पट्ट्या, एवढ्याच सामानात त्याने केलेली खुर्ची आज संग्रहालयात ठेवलीय."

"बसायला कशी आहे?" चाचांनी विचारलं.

"नुसती लाकडी फळी."

"मग संग्रहालयातच ठेवणार," चाचा म्हणाले.

कुंदाताई आत जाऊन चहा घेऊन आल्या. माझा कप भिंतीवरून माझ्याकडे आला, चाचांचा पारिजातकाच्या कट्ट्यावर गेला. आता गोणपाट निघालं होतं, काथ्या बाहेर आला होता आणि स्प्रिंगा उघड्या पडल्या होत्या.

"तुम्हाला एक विचारू, चाचा? कापड चढवायचं तर कमीत कमी किती चुका लागतात?"

"पक्कं करायला शंभरेक."

"पक्कं नाही. नुसतं राहायला. पडू नये एवढंच."

चाचांनी चहा खाली ठेवला. जुन्या रेक्झीनचा एक पट्टा घेतला, सोफ्याच्या पाठीच्या लाकडावर धरला. मध्ये एक चूक, हातोडीचा एकच घाव. मग कापड ताणून एका टोकाला दुसरी, दुसऱ्या टोकाला तिसरी. हात सोडला. पट्टा राहिला. त्यांनी बोटाने टिचकी मारली तर ढोलकीच्या शाईवर पडल्यासारखा आवाज आला.

"तीन," चाचा म्हणाले. "दोनात लोंबेल."

माझ्या अंगावर काटा आला, खोटं नाही सांगत. कारण जॅक व्हाइट अगदी हेच सांगतो. शिकाऊ असताना एका सोफ्याच्या पाठीला त्याने तीनच पिना मारल्या, मध्ये एक, कडेला दोन, आणि त्याच्या डोक्यात बसलं की यापेक्षा कमीत होत नाही आणि यापेक्षा जास्त लागत नाही. मग सगळं तीनावर. आवाज, गिटार, ड्रम. लाल, पांढरा, काळा. कपडे त्याच तीन रंगांत, मोठ्या ड्रमवर पेपरमिंटच्या गोळीसारख्या लाल-पांढऱ्या लाटा. गिटारसुद्धा साठच्या दशकात कॅटलॉगवरून मागवायची मिळे तसली, लाल, प्लॅस्टिकसारख्या अंगाची.

"गरिबी होती म्हण ना," कुंदाताई.

"आधी होती. मग पैसा आला, तरी सोडलं नाही. कमीत भागवायची सवय सगळीकडे. तिसरा अल्बम २००१ चा, मेम्फिसला जाऊन आठवड्याच्या आत उरकला. त्यावर गाजले, इंग्लंडात रेडिओवर वाजायला लागले, पेपरात पानंच्या पानं. चौथा लंडनमधल्या जुन्या यंत्रांच्या एका स्टुडिओत, आठ पट्ट्यांच्या टेपवर, दोनेक आठवड्यांत. कॉम्प्युटरला हात लावला नाही आणि तसं कव्हरवर छापलंही. चुकलं तर चुकलेलं ठेवायचं. आणि त्यातलं पहिलंच गाणं तुम्हाला माहीत आहे."

"मला? मला कुठलं असलं माहीत!"

मी इकडेतिकडे बघितलं आणि गुणगुणले. सातच सूर आहेत, जड पावलांनी जिना उतरल्यासारखे.

"अगं, हे तर आमचा नातू टीव्हीवर फुटबॉल लागला की ओरडतो!"

तेच. 'सेव्हन नेशन आर्मी'. लहानपणी जॅक सॅल्व्हेशन आर्मीला तसं म्हणायचा, आणि तोच अपभ्रंश गाण्याचं नाव झाला. ऐकताना वाटतं की मोठी बास गिटार आहे. बास नाहीच. गिटारचाच आवाज पायाखालच्या पेडलने एक सप्तक खाली ढकललाय. २००३ मध्ये बेल्जियमच्या ब्रूज क्लबचे लोक मिलानला सामन्याला गेले होते, त्यांनी ते उचललं. तिथून इटलीने उचललं, २००६ मध्ये विश्वचषक जिंकताना गायलं आणि मग सगळ्या जगाच्या मैदानांवर पसरलं. हजार प्रतींवाल्या माणसाचं गाणं आज असे लोक गातात की ज्यांना ते कुणाचं हेही माहीत नाही.

"सोफ्यात लपवलेल्या तबकडीसारखंच झालं की," कुंदाताई म्हणाल्या.

मग मी मेगवर आले. म्हणजे लोक मेगवर आले, तेच सांगायला लागले. तिला वाजवता येत नाही. एकच ठेका धरते. लहान मूलही वाजवेल. जॅकने कुणीतरी धड वाजवणारा घ्यायला हवा होता. नवऱ्याच्या जिवावर. पहिल्या अल्बमपासून हेच. अगदी २०२३ मध्ये, बँड मोडून बारा वर्षं झाल्यावरसुद्धा एका पत्रकाराने पुन्हा तेच लिहिलं, तेव्हा मोठा गदारोळ झाला आणि त्या पत्रकाराला माफी मागावी लागली. जॅकने भांडण केलं नाही. मेगसाठी एक कविता लिहून टाकली.

"माझंही तसंच मत होतं," मी कबूल केलं. "मुलाने व्हिडिओ दाखवला तेव्हा मी म्हटलं, हे काय, नुसतं धाड-धाड. आपला ढोलकीवाला बघितला असता म्हणजे कळलं असतं."

कुंदाताईंनी कप ठेवला. चिडल्या की त्यांचा आवाज उलट मऊ होतो.

"तू कधी टाळ धरलास, मंगल?"

"नाही."

"मी तीस वर्षं धरतेय. पखवाजवाला बोल काढतो, त्याला टाळ्या पडतात. गाणारा आलाप घेतो, त्याला हार पडतो. टाळवाली एकच ठेका धरते. नुसता एकच. पण गाणारा लांब जातो ना, अगदी लांब, कुठे गेला त्यालाही कळत नाही, तेव्हा परत यायला त्याला काय लागतं? मी जर तिथे हुशारी दाखवायला लागले, तर तो येईल कुठे?"

मी गप्प. कारण जॅकनेही बोलायचं ते हेच बोललंय. तो रंगमंचावर गाण्यांची यादी ठेवत नसे. कुठलं गाणं कुठे तोडेल, दुसरं कुठून उचलेल, भरवसा नाही. ती त्याच्या पाठीकडे नाही, तोंडाकडे बघून वाजवायची. त्याला उधळता यायचं ते ती हलत नव्हती म्हणून. आणि तिचं ते पोरासारखं वाजवणं हाच आमच्या बँडचा सगळ्यात चांगला भाग, असं तो सांगत आलाय.

"बोलायची फारशी नाही ना ती?" कुंदाताईंनी विचारलं.

"कसं ओळखलंत?"

"ठेका धरणारी बोलत नाही."

खरंच बोलायची नाही. मुलाखतीत सगळं तोच. आणि दोघांमधलं नातं काय, याचा नीट पत्ता आजही लागत नाही. २००५ मध्ये जॅकने दुसरं लग्न केलं, ब्राझीलमध्ये, नद्यांच्या संगमावर, होडीत. तिथे नवरीची करवली कोण? मेग!

"अगंबाई!"

"आणि २००९ मध्ये मेगचं दुसरं लग्न झालं, ते जॅकच्या परसात. नॅशव्हिलला."

कुंदाताईंनी दोन्ही हात भिंतीवर टेकले. "थांब. पहिली बायको दुसऱ्या लग्नात करवली. आणि पहिल्या नवऱ्याच्या परसात पहिल्या बायकोचं दुसरं लग्न. बरोबर?"

"बरोबर."

"आमच्याकडे दिराच्या लग्नात वरणाच्या वाटीवरून झालेलं भांडण अजून चालू आहे."

चाचा आता हसत होते आणि स्प्रिंगा सुतळीने बांधत होते. सुतळी तोंडात धरायची, स्प्रिंग दाबायची, गाठ. मग पुढची.

"मग मोडलं कशाने?" त्यांनी विचारलं.

२००७ च्या उन्हाळ्यात दोघं सबंध कॅनडा फिरले. एकूणएक प्रांत. मोठे कार्यक्रम संध्याकाळी, आणि दुपारी कुठेही फुकट: बसमध्ये, होडीवर, बोलिंगच्या हॉलमध्ये. न्यूफाउंडलंडमध्ये तर एकच सूर वाजवला. लोक जमले, दोघं रस्त्यावर उभ्या केलेल्या रंगमंचावर चढले, एक सूर, एक ठोका आणि नमस्कार. संपली मैफल. लोकांनी टाळ्या वाजवल्या. त्या दौऱ्याचा सिनेमा निघालाय. त्याच्या शेवटी जॅक पियानोवर एक गाणं म्हणतोय आणि त्याच बाकावर शेजारी बसलेली मेग रडतेय. कशासाठी, ते सिनेमा सांगत नाही.

सप्टेंबरमध्ये पुढचे कार्यक्रम रद्द झाले. मेगला चिंतेचे झटके येत होते, लोकांसमोर जाणं जमत नव्हतं. २००९ च्या फेब्रुवारीत एका टीव्हीच्या कार्यक्रमात दोघं एकच गाणं वाजवून गेले. २ फेब्रुवारी २०११ ला जाहीर केलं की बँड संपला. भांडण नाही, आजारपण नाही. जे चांगलं आहे ते चांगलंच राहावं म्हणून.

"मग त्याने दुसरी वाजवणारी आणली असेल," कुंदाताई म्हणाल्या. त्यांचं लक्ष माझ्याकडे नव्हतं, ताटलीकडे होतं.

"नाही आणली. तो वाजवतोच आहे. दुसरे बँड झाले, स्वतःच्या नावाने अल्बम झाले, जुन्या बँडची गाणीही म्हणतो. पण व्हाइट स्ट्राइप्स हे नाव लावून तो एकटा कधीच उभा राहिलेला नाही. ते नाव दोघांचं."

"आडनाव तिचं होतं," कुंदाताई म्हणाल्या.

माझ्या ते लक्षातच आलं नव्हतं.

सोफ्याचं दुकान गेलं, पण थर्ड मॅन हे नाव जॅकने रेकॉर्ड कंपनीला ठेवलं. मुलाने मला डेट्रॉइटच्या त्यांच्या दुकानात नेलं होतं. तेच पिवळं-काळं. मागच्या बाजूला मोठी काच आणि काचेपलीकडे तबकड्या छापायचा कारखाना. गरम प्लॅस्टिकची जाड लाटी यंत्रात ठेवतात, खाली-वर कागदाचं लेबल. यंत्र मिटतं. उघडलं की लाटीची ताटाएवढी तबकडी झालेली, कडेने वेडेवाकडे पदर सुटलेले. ते सुरीने गोल कापले की झाली. अगदी आपलं पुरी दाबायचं यंत्र. मी इतका वेळ बघत उभी राहिले की मुलाला वाटलं मला बरं वाटत नाहीये.

तिथून थोड्या अंतरावर मेसॉनिक टेंपल नावाचं प्रचंड जुनं नाट्यगृह आहे. २०१३ मध्ये थकलेल्या करापायी ते लिलावात निघालं होतं. कुणीतरी गुपचूप एक लाख बेचाळीस हजार डॉलर भरले. नाव सांगितलं नाही. मागाहून कळलं, जॅक. त्याची आई कधीकाळी तिथे प्रेक्षकांना जागा दाखवायचं काम करायची.

"आणि ती? मेग?"

"ती डेट्रॉइटकडेच राहते म्हणतात. २०२५ मध्ये दोघांचं नाव रॉक अँड रोलच्या हॉल ऑफ फेममध्ये गेलं. मोठा समारंभ. जॅक गेला, दोघांच्या वतीने बोलला. ती गेली नाही."

"रुसली असेल," मी सवयीने म्हटलं.

"कशावरून?" कुंदाताईंनी पटकन विचारलं.

"नाही... आपलं म्हटलं."

"आपण आपलं म्हणतो," कुंदाताई म्हणाल्या, "आणि मग ते खरंच होऊन बसतं."

ऊन भिंतीवर आलं होतं. चाचांनी पत्र्याचा डबा पालथा केला. वाकलेल्या चुका एका बाजूला, सरळ दुसऱ्या. मग वाकलेल्यांतली एकेक फरशीवर धरून हलक्या हाताने ठोकायला लागले.

"टाका की चाचा, नव्या मिळतात," मी म्हटलं.

"मिळतात. पण ह्या जुन्या चांगल्या लोखंडाच्या आहेत. आणि ताई, हा सोफा इतकी वर्षं उभा कशावर होता? ह्यांच्यावरच."

कुंदाताईंनी ताटलीतलं पेन उचललं. टोपण काढलं, तळहातावर रेघ ओढून बघितली. उमटली नाही. मग त्यांनी ते पदराच्या टोकात बांधलं.

"धुण्याच्या मावशी आता कुठे असतात गं?"

"मंगळवार तळ्याकडे. सुनेजवळ."

"संध्याकाळी जाऊ या."

"जाऊ या?" मी म्हटलं. "पेन तुमच्याकडचं. मी कशाला?"

कुंदाताईंनी कढीपत्त्याखालच्या त्या गुळगुळीत जागेवर हात ठेवला. त्यांच्या बाजूची, आणि माझ्या बाजूचीही.

"संशय आपण दोघींनी मिळून घेतला होता, मंगल. इथेच."

मी पाच वाजता तयार राहते म्हटलं.